हिरवळ कधी लावायची: मातीचं तापमान आणि हातातले आठवडे

हिरवळ विरळ उगवली किंवा दोन महिन्यांत तणाखाली गेली, की दोष बियाण्यावर, खतावर नाहीतर पाण्यावर जातो. बऱ्याचदा ही तिन्ही ठीक असतात, चुकलेला असतो तो हंगाम. हरळीचं चांगलं बी थंड मातीत टाकलं तर ते तसंच पडून राहतं, काही कुजतं, काही पाखरं टिपतात. तेच बी महिनाभर थांबून गरम मातीत पडलं असतं, तर पंधरवड्यात कोंब दिसले असते. म्हणून कुदळ हातात घेण्याआधी दोन गोष्टी पक्क्या करायच्या. माती आत्ता किती गरम आहे? आणि या गवताला न मानवणारा हंगाम सुरू व्हायला किती आठवडे उरलेत?

आधी गवताचा गट ओळखा

हिरवळीच्या गवतांचे दोन गट आहेत आणि त्यांचे हंगाम जवळजवळ उलटे आहेत.

पहिला गट उष्ण हंगामी गवतांचा: हरळी (पाकिटावर बहुधा बर्म्युडा लिहिलेलं असतं), झोयशिया, सेंट ऑगस्टीन, सेंटीपीड, पॅस्पॅलम. हवा २७ ते ३५ अंश सेल्सिअस असताना ही गवतं जोमाने पसरतात. माती १० अंशांच्या खाली गेली की पानं पिवळी-तपकिरी होतात आणि वाढ थांबते. मुळं आणि जमिनीलगतची खोडं जिवंत असतात, पण नव्या लागवडीला त्याचा काही उपयोग नाही, कारण तिच्याकडे अजून साठा केलेली खोडंच नसतात.

दुसरा गट थंड हंगामी गवतांचा: केंटकी ब्लूग्रास, बारमाही रायग्रास, टॉल फेस्क्यू, फाइन फेस्क्यू. यांना हवा १५ ते २४ अंश लागते आणि मुळं सर्वांत चांगली वाढतात ती माती १० ते १८ अंश असताना. कडक उकाड्यात या गवतांनी पानांत तयार केलेल्या अन्नाचा मोठा भाग प्रकाशश्वसनात (उकाड्यात वाढणाऱ्या, तयार अन्न खर्च करणाऱ्या पानांतल्या क्रियेत) वाया जातो. वरून पाणी कितीही द्या, जुनी मुळं झडतात आणि नवी फुटत नाहीत. उन्हाळ्याच्या तोंडावर पेरलेलं फेस्क्यू उगवतं छान, आणि सहा आठवड्यांत जागोजागी करपतं, ते याचमुळे.

पाकिटावर 'सन अँड शेड मिक्स' असं काहीतरी मोघम नाव असेल, तर मागच्या बाजूला जातींची नावं आणि टक्केवारी वाचा. गट कळल्याशिवाय तारीख ठरवता येत नाही. गट निवडताना आपल्याकडचा सर्वांत वाईट महिना डोळ्यांपुढे ठेवा. जमीन गोठत असेल तर थंड गट, उन्हाळा लांब आणि कडक असेल तर उष्ण गट. दोन्ही टोकं असलेल्या भागात टॉल फेस्क्यू किंवा झोयशिया निभावून नेतात, पण तिथे पेरणीची मुदत अरुंद असते आणि चूक महागात पडते.

मातीचं तापमान कसं मोजायचं

हवेचं तापमान फसवं असतं. दुपारी ऊन चटके देतं, तरी पाच सेंटीमीटर खाली माती गारच असू शकते. ओली, चिकण माती तर कोरड्या वाळूसर मातीपेक्षा कितीतरी उशिरा तापते.

धातूची सळई असलेला साधा थर्मामीटर घ्या. स्वयंपाकघरातला टोचायचा थर्मामीटरही चालतो. बियाण्यासाठी ५ सेंटीमीटर खोलीवर आणि कांड्या (गवताच्या दांड्याचे तुकडे) किंवा रोल (गुंडाळून मिळणारी तयार हिरवळ) यांसाठी १० सेंटीमीटर खोलीवर मोजा. सकाळी ९ ते १० च्या दरम्यान, रोज त्याच तीन जागी: मोकळ्या उन्हात, सावलीत आणि भिंतीलगत. दोन-तीन मिनिटं सळई तशीच राहू द्या. पाच दिवसांचे आकडे लिहून सरासरी काढा. एका दिवसाच्या आकड्यावर पेरणी ठरवू नका. एखादा गरम दिवस येतो आणि पुढचे आठ दिवस पुन्हा गारठा पडतो. सावलीतला आकडा उन्हापेक्षा काही अंशांनी कमी येतोच. तिथे आठवडाभर उशिरा पेरलं तरी चालतं.

लक्षात ठेवायचे आकडे असे:

- थंड गटाचं बी: माती १० ते १८ अंश. रायग्रास ५ ते १० दिवसांत उगवतं, टॉल फेस्क्यू ७ ते १४, केंटकी ब्लूग्रास १४ ते ३० दिवस घेतं.
- उष्ण गटाचं बी: माती किमान १८ अंश, खरी उगवण २१ ते ३२ अंशांना. हरळीचं सोललेलं बी चांगल्या गरम मातीत ७ ते १४ दिवस, झोयशिया १४ ते २१ दिवस, सेंटीपीड त्याहूनही सावकाश.

हरळीचं बी सोललेलं आणि न सोललेलं असं दोन प्रकारांत येतं. न सोललेलं बी टरफलामुळे कितीतरी हळू उगवतं. गरम हंगामात पेरायचं असेल तर सोललेलंच घ्या.

थंड गटासाठी: उन्हाळा उतरताना

या गवतांचा सर्वांत चांगला हंगाम म्हणजे उन्हाळ्याचा शेवट आणि शरदाची सुरुवात. उत्तर गोलार्धात साधारण मध्य ऑगस्ट ते सप्टेंबरअखेर, दक्षिण गोलार्धात मध्य फेब्रुवारी ते मार्चअखेर. तेव्हा उन्हाळ्याची ऊब मातीत शिल्लक असते म्हणून बी झटपट उगवतं, आणि हवा रोज थोडी थंड होत जाते म्हणून कोवळ्या रोपाला ताण पडत नाही. शिवाय उन्हाळी तणांची उगवण तोवर मंदावलेली असते आणि उरलेली तणं पहिल्या कडाक्यात मरतात. हा फायदा वसंतात मिळत नाही.

तारीख पुढून नव्हे, मागून मोजा. तुमच्याकडे पहिलं दहिवर सरासरी कधी गोठतं ते शोधा आणि तिथून ६ ते ८ आठवडे मागे या. समजा ती तारीख २५ ऑक्टोबर आहे. मग पेरणीची मुदत ३० ऑगस्ट ते १३ सप्टेंबर. केंटकी ब्लूग्रास असेल तर आधीची तारीख धरा, कारण त्याचे तीन आठवडे उगवण्यातच जातात. रायग्रासला नंतरची तारीख पुरते. जमिनीची मशागत आणि तणाचा बंदोबस्त यांना पेरणीआधी आणखी ४ आठवडे लागतात, म्हणजे कामाला सुरुवात ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात, उन्हाळा ऐन भरात असताना. बहुतेकांचा उशीर इथेच होतो. गारवा जाणवल्यावर जमीन खणायला घेतली, तर पेरणीला ऑक्टोबर उजाडतो.

उशिरा पेरलेलं रोप कसं मरतं तेही बघण्यासारखं असतं. रोपाला दोनच पानं असतात, मुळं बोटाच्या एका पेराएवढी. रात्री मातीतलं पाणी गोठून फुगतं आणि वरचा थर उचलतं, दुपारी तो खाली बसतो, पण रोप वरच राहतं. चार-पाच वेळा असं झालं की रोपं कोणीतरी उपटून ठेवल्यासारखी आडवी पडतात, मुळं उघडी, पांढरी.

मुदत हुकली तर अर्धवट उगवण्यापेक्षा अजिबात न उगवणं बरं. त्याला सुप्त पेरणी म्हणतात. माती ४-५ अंशांच्या खाली स्थिर झाल्यावर बी टाकायचं, म्हणजे ते हिवाळाभर झोपून राहतं आणि वसंतात आपोआप उगवतं. काही बी वाया जातंच, म्हणून प्रमाण थोडं वाढवा. उताराच्या जागी हे करू नका. वितळलेल्या बर्फाच्या पाण्याबरोबर बी खाली जाऊन बसतं.

वसंतातली पेरणी हा दुसरा पर्याय. माती १० अंशांवर येताच आणि वाफसा (माती ओलसर, पण चिकट नाही अशी स्थिती) मिळताच पेरा, एक दिवसही दवडू नका. रायग्रास किंवा टॉल फेस्क्यू निवडा. ब्लूग्रासला उन्हाळ्याआधी मुळं खोल न्यायला वेळच मिळत नाही. क्रॅबग्राससारखी उन्हाळी तणं माती १३ अंशांच्या आसपास आली की उगवू लागतात, म्हणजे तुमचं गवत आणि तण एकाच वेळी वर येतं. उगवणीआधी मारायची तणनाशकं इथे वापरता येत नाहीत. पेंडिमेथालिनसारखं औषध तणाच्या आणि हिरवळीच्या बियात फरक करत नाही.

उष्ण गटासाठी: माती तापल्यावर, पण उन्हाळा संपण्याआधी

हरळी, झोयशिया आणि त्यांची भावंडं लावायची ती वसंताच्या अखेरीपासून उन्हाळ्याच्या मध्यापर्यंत. १० सेंटीमीटर खोलीवर सलग पाच दिवस १८ ते २० अंश दिसले, की हंगाम उघडला. बंद कधी होतो? पहिलं दहिवर गोठण्याच्या ९० दिवस आधी. वरच्याच उदाहरणात, २५ ऑक्टोबरच्या हिशेबाने, २७ जुलैनंतर बी टाकू नये. एवढ्या अवधीत हरळीचे धावते दांडे जमीन झाकतात आणि हिवाळ्यासाठी अन्न साठवतात. त्याहून कमी वेळ मिळालेली हिरवळ हिवाळ्यात झोपते खरी, पण वसंतात अर्धीच जागी होते.

इथे एक गोष्ट आधी तपासा: तुमची जात बियाण्यातून येते का? सेंट ऑगस्टीन बियाण्यातून लावत नाहीत. टिफवेसारख्या हरळीच्या संकरित जाती वांझ असतात, त्यांना बी धरतच नाही. या सगळ्या कांड्या, ठोंब किंवा रोलनेच लावाव्या लागतात.

कांड्यांची लागवड स्वस्त आणि खात्रीची आहे, मात्र कांडी ताजी हवी. दांड्याचे १० ते १५ सेंटीमीटरचे तुकडे करा, प्रत्येकावर किमान दोन-तीन पेरं असू द्या, कारण मुळं पेरातूनच फुटतात. कापल्यापासून लावेपर्यंत ओल्या गोणपाटाखाली सावलीत ठेवा आणि शक्यतो त्याच दिवशी लावा. उन्हात तासभर पडलेली कांडी बाहेरून हिरवी दिसते, पण पेरं सुकलेली असतात. टोकणी करताना ८ ते १० सेंटीमीटर अंतर ठेवा. घाई नसेल तर १५ सेंटीमीटरवर लावा. दोन पेरं मातीत, शेंडा बाहेर, आणि पायाने हलकेच दाबा म्हणजे आत पोकळी राहत नाही. हंगाम साधला तर हरळी ८ ते १२ आठवड्यांत जमीन झाकते. झोयशियाचे ठोंब १५ ते ३० सेंटीमीटरवर लावले तर जमीन भरायला दोन हंगामही लागू शकतात, तेव्हा ते हंगामाच्या अगदी सुरुवातीलाच लावावेत.

जिथे दहिवर नाही, पण पावसाळा आहे

अशा भागात थंडीची भीती नसते. हंगाम ठरतो तो पाऊस, ऊन आणि वाफसा यांवरून. गवतं उष्ण गटातलीच असतात.

पाण्याची सोय असेल तर सर्वांत चांगली वेळ पाऊस सुरू होण्याआधी चार ते सहा आठवडे. तेव्हा माती गरम असते, ऊन भरपूर असतं, आणि मोठा पाऊस येईपर्यंत मुळांनी माती धरलेली असते. पाण्याची सोय नसेल तर पहिले दोन-तीन चांगले पाऊस होऊ द्या, तणाची पहिली पिढी उगवू द्या, ती खुरपून काढा आणि मग कांड्या लावा. ऐन पावसात बी पेरू नका. मुसळधार सरीत बी वाहून खोलगट भागात साचतं. पुढे तिथे गवताचे दाट पुंजके आणि वरच्या बाजूला टक्कल असं चित्र दिसतं. जड काळ्या जमिनीत कांड्याही कुजतात. आणि सतत ढगाळ हवामानात हरळी उंच, किडकिडीत वाढते, पसरत नाही. तिला रोज किमान सहा तास थेट ऊन लागतं.

पावसाचा जोर ओसरू लागतो ती वेळही चांगली. सरी अधूनमधून येतात, माती गरम असते, ऊन परत आलेलं असतं. मात्र रात्री गार होण्याआधी दोन महिने तरी मिळायला हवेत.

वाफसा आला की नाही हे हातानेच बघा. बोटभर खोलवरची मूठभर माती घ्या, घट्ट दाबा आणि अंगठ्याने टोचा. लाडू फुटून भुगा झाला तर काम सुरू करा. तो चिकटून राहिला आणि दाबल्या जागी चकाकला, तर दोन दिवस थांबा. ओल्या जमिनीवर चाललं की पावलाखाली माती दगडासारखी बसते, आणि वर्षभर त्याच पट्ट्यात गवत खुरटं राहतं.

रोलची हिरवळ

रोल किंवा लाद्या लावताना मुदत बरीच मोकळी मिळते, कारण गवत आधीच वाढलेलं असतं. जमीन गोठलेली नसेल तर वर्षभर लावता येतात. तरी मुळं खाली उतरण्यासाठी त्या गटाचा वाढीचा हंगामच उत्तम. उष्ण गटाचा झोपलेला रोल हिवाळ्यात लावला तर त्याला पाणी तोडू नका. तो तपकिरी आहे म्हणून पाण्याची गरज नाही असं वाटतं आणि मुळं सुकतात.

उन्हाळ्यात खरा धोका ढिगाऱ्यात असतो. गुंडाळलेले रोल आतून तापतात. माल उतरवताना मधल्या रोलमध्ये हात घालून बघा: गरम लागला, आंबूस वास आला, पानं पिवळट दिसली तर तो घेऊ नका. त्याच दिवशी अंथरा आणि पहिला भाग अंथरून होताच, सगळं संपायची वाट न बघता, पाणी सुरू करा. दोन-तीन आठवड्यांनी कोपरा धरून वर ओढा. तो सहज उचलला गेला तर मुळं धरलेली नाहीत.

पेरणीचं काम

१. पेरणीआधी ४ आठवडे: १० ते १५ सेंटीमीटर खोल खणा, ढेकळं फोडा, २ ते ५ सेंटीमीटर जाडीचा कुजलेल्या खताचा थर मिसळा. सामू (pH) ६ ते ७ असावा; सेंटीपीडला ५ ते ६ मानवतो. घरापासून बाहेरच्या बाजूला १ ते २ टक्के उतार द्या, म्हणजे दर मीटरला १ ते २ सेंटीमीटर.

२. पाणी द्या आणि तण मुद्दाम उगवू द्या. दोन-तीन आठवड्यांनी ते उथळ खुरपून काढा. पुन्हा खोल खणू नका, नाहीतर खालचं तणाचं बी वर येतं. लव्हाळा असेल तर गाठींसकट काढा. वरचा शेंडा तोडला तर गाठ पुन्हा फुटते.

३. बी तपासा. १०० दाणे ओल्या कापडात गुंडाळून उबदार जागी ठेवा. दोन आठवड्यांत ७० उगवले तर प्रमाण त्या हिशेबाने वाढवा. ब्लूग्रासला आणखी दोन आठवडे द्या.

४. प्रमाण, प्रत्येक चौरस मीटरला: टॉल फेस्क्यू ३० ते ४० ग्रॅम, रायग्रास २५ ते ४०, केंटकी ब्लूग्रास १० ते १५, सोललेली हरळी ५ ते १०, झोयशिया ५ ते १०, सेंटीपीड १ ते २.५. एवढा फरक दाण्याच्या आकारामुळे पडतो: एका ग्रॅममध्ये फेस्क्यूचे सुमारे ५०० दाणे बसतात, ब्लूग्रासचे दोन हजारांहून जास्त. जास्त दाट पेरलं तर रोपं एकमेकांना दाबतात आणि मर रोग लागतो.

५. बियाचे दोन भाग करा. एक उभं फिरत टाका, दुसरा आडवं फिरत. बारीक बी कोरड्या वाळूत मिसळा. दंताळ्याच्या पाठीने ३ ते ६ मिलिमीटर माती ओढा आणि हलका रोलर फिरवा.

६. उगवेपर्यंत वरचा १ ते २ सेंटीमीटर थर ओला ठेवा. त्यासाठी दिवसातून दोन-तीनदा हलकं पाणी लागतं, उन्हात चारदाही. डबकं साचू देऊ नका. रात्री २० अंशांच्या वर, दमट हवा आणि ओली पानं असा मेळ जमला तर पिथियम बुरशी येते: सकाळी दवात कापसासारखं जाळं आणि खाली तेलकट काळपट ठिपके. शेवटचं पाणी दुपारीच संपवा, म्हणजे पानं रात्रीपूर्वी सुकतात.

स्फुरद (फॉस्फरस) कमी असल्याचं माती परीक्षणात दिसलं तरच पेरताना डीएपी (डायअमोनियम फॉस्फेट) खत द्या, चौरस मीटरला १० ग्रॅम पुरे. नत्राचा मोठा हप्ता पहिल्या दोन कापण्यांनंतरच. पहिली कापणी, गवत ठरवलेल्या उंचीच्या दीडपट झालं की. पातं धारदार नसेल तर कोवळी रोपं मुळासकट निघतात, आणि ओल्या जमिनीवर यंत्र चढवलं तरी तेच होतं.

पानगळीच्या झाडाखाली शरदात पेरलं असेल तर पडलेली पानं दोन-तीन दिवसांनी उचला. दंताळ्याने ओढू नका, हाताने किंवा हलक्या हवेने काढा. आठवडाभर झाकलेलं रोप पिवळं पडून कुजतं.

हरळी हिवाळ्यात तपकिरी होते म्हणून तिच्यात रायग्रास पेरायची पद्धत आहे. माती उतरत २२ अंशांच्या आसपास आली की ती पेरणी करतात. नव्या हरळीत पहिल्या वर्षी ती टाळा. वसंतात हरळी जागी होते तेव्हा रायग्रास तिच्या डोक्यावर उभं असतं, ऊन आणि पाणी तेच खातं, आणि अजून न रुजलेले दांडे त्या दोन महिन्यांत मरतात.